नदीच्या मुखाशी राजधानी

लिफ्टची वाट बघत उभा असताना पुढच्या मुलीच्या कापडी पिशवीवर त्याला कंकणी दिसली. पिशवीवर त्याच्या वडिलांचा शेवटचा नकाशा छापलेला होता. धुऊन धुऊन तो फिकट झाला होता. डोंगर पुसट झाले होते, रस्ते तर दिसतच नव्हते. पण खाली कोपऱ्यात, नदी समुद्राला मिळते तिथली खूण, एक ठिपका आणि त्याभोवती गडद कडा, कोणीतरी वरून लाल दोऱ्याने भरून घेतली होती. टाके बारीक होते, वेळ काढून घातलेले. मुलगी शेजारच्या मैत्रिणीला पिशवी वळवून दाखवत होती. "ही बघ, माझं लाडकं शहर. थोरल्यांनी मरता मरता काढलेलं." मैत्रीण म्हणाली, "मरता मरता शहर कोण काढतं?" "ते काढायचे. म्हणून तर तिथे एकही रस्ता जात नाही. रस्ते काढायच्या आधीच गेले ते." "मग माणसं तिथे पोचली कशी?" "तेच तर ना," मुलगी म्हणाली आणि लिफ्ट आली. गर्दीत तो तिच्या मागे उभा राहिला. पिशवी त्याच्या शर्टाला घासत होती. तो पोट आत घेऊन मागे सरकला, मागच्या माणसाच्या पायावर पाय पडला, त्याने माफी मागितली आणि दार उघडलं तसा उतरून गेला. दार बंद झाल्यावर त्याच्या लक्षात आलं की मजला आपला नव्हे.

कंकणी हे शहर नव्हतं. तो खोकल्याच्या औषधाचा थेंब होता आणि तो त्याच्या हातून सांडला होता. हे त्याला माहीत होतं, आणि त्याच्या समजुतीप्रमाणे दुसऱ्या कोणालाही माहीत नव्हतं. तो जिन्याच्या खिडकीशी जाऊन उभा राहिला. खाली वाहनतळ होता, एक माणूस मोटार पुसत होता. काचेवरचा एक डाग निघत नव्हता म्हणून तो नखाने खरवडत होता, मग थुंकी लावून, मग पुन्हा नखाने. आपल्याला सगळीकडे डाग दिसतात हे धंद्यामुळे, असं त्याने स्वतःला सांगितलं. तो विमा कंपनीत होता. घरात पाणी गळलं, छत भिजलं, भिंतीला ओल आली की लोक भरपाई मागत आणि कंपनी त्याला पाठवत असे. मान वर करून तो सांगायचा की डाग जुना की नवा, एकदाच पडलेला की पुन्हा पुन्हा, वरच्या मजल्यावरून आलेला की भिंतीतून. नव्या माणसांना तो शिकवायचा की वाळलेल्या डागाची कडा मधल्या भागापेक्षा गडद असते, कारण पाणी वाळताना आपल्यातला मळ कडेला नेऊन टाकतं. कडा दिसली की समजायचं, इथे काहीतरी सांडलं होतं. ऑफिसात त्याच्या शब्दावर कोणी फेरतपासणी मागत नसे. अशा माणसाने एका थेंबाला राजधानी म्हटलं होतं.

वडील नळखात्यात आराखडे काढायचे. रस्त्याखाली कुठला नळ कुठे वळतो, कुठे झडप आहे, हे ते काळ्या शाईने ट्रेसिंगवर उतरवत. शेजारच्या इमारतीत एक कादंबरीकार राहायचा. त्याच्या अद्भुत कादंबरीसाठी त्याला एका नसलेल्या देशाचा नकाशा हवा होता, आणि फुकट काढून देणारा माणूस हवा होता. देशाचं नाव दिगर. कादंबरीकार दोन पुस्तकं लिहून कंटाळला आणि पुढे तो गेलाही. त्याची पुस्तकं आता कोणी फारशी वाचत नाही. वडील मात्र दिगर काढत राहिले. कादंबरीकाराने त्यांना देश दिला होता, त्यांनी त्या देशाला काळ दिला. ट्रेसिंगचा एक कागद म्हणजे दिगरची एक पिढी. जुन्या कागदावर नवा ठेवायचा, खालचं पुसट दिसत असतं, त्यातलं जे टिकलं असेल ते गिरवायचं, जे मोडलं असेल ते मोडलेलं दाखवायचं, नवं वसलं असेल ते वसवायचं. सगळे कागद एकावर एक ठेवून खालून दिवा लावला की पणजोबांचं गाव नातवंडांच्या शेतातून वर येताना दिसे. अंतरही ते वेळेत मोजत. कोपऱ्यात लिहिलेलं असे, एक बोट म्हणजे सकाळी निघालेल्या माणसाची सावली पायाखाली येईपर्यंतचं चालणं. म्हणून त्यांच्या नकाशात दलदल अफाट पसरलेली असे आणि सपाट माळ चिंचोळा. जिथे चालायला त्रास तिथे जागा जास्त. लहानपणी त्याने एकदा विचारलं होतं, हे खरं किती मोठं आहे? वडील म्हणाले, "कोण चालतंय त्यावर आहे." तेव्हा त्याला वाटलं होतं की त्यांना उत्तर येत नाही.

शाळेत वडील काय करतात असं विचारलं की तो नळखात्यात म्हणायचा आणि तिथेच थांबायचा. पण एकदा एक मित्र घरी आला, त्याने काचेचं टेबल बघितलं, खालचा दिवा बघितला, आणि काका, हे गाव कुठे आहे, म्हणून विचारलं. वडिलांनी चष्मा कपाळावर सारला आणि गंभीरपणे सांगितलं की ते अजून आपल्यापर्यंत आलेलं नाही. दुसऱ्या दिवसापासून वर्गात त्याचं नाव पडलं, नसलेल्या गावचा. काय रे नसलेल्या गावच्या, डब्यात काय आणलंस. पुढे तो उंच झाला, खो-खोत चांगला पळायला लागला, नाव मागे पडलं. पण वडिलांच्या टेबलाजवळ तो पुन्हा कधी गेला नाही. नकाशे लोकांना आवडू लागले, प्रकाशनाने त्यांचे संच काढले, अनोळखी माणसं घरी येऊन वडिलांच्या पाया पडू लागली, तेव्हाही तो आतल्या खोलीत रेडिओचा आवाज वाढवून बसायचा. आता तीच माणसं त्याला समारंभाला बोलावत, पहिल्या रांगेत बसवत, वारसदार म्हणत. तो हात जोडायचा. दिगरच्या कुठल्या पिढीत काय झालं हे त्यातल्या कुठल्याही शाळकरी पोराला त्याच्यापेक्षा जास्त माहीत असे. प्रश्नोत्तरं सुरू होण्याआधी तो घड्याळाकडे बघत निघून जात असे, आणि लोक कौतुकाने म्हणत, अगदी वडिलांसारखे, अबोल.

एक गोष्ट मात्र त्याला माहीत होती, कारण ती घरात राहणाऱ्या कोणालाही माहीत असणं भागच होतं. ट्रेसिंगवरची चूक ब्लेडने खरवडता येते. नळखात्यात सगळे खरवडायचे, वडीलही. घरी मात्र त्यांच्या टेबलावर ब्लेड येऊ द्यायचं नाही. दिगरमध्ये हात चुकला, रेघ भलतीकडे गेली, शाई उडाली, तर ती तशीच राहणार. ते म्हणत, "झालं ते झालं. आता ते का झालं, ते पुढच्या पानावर शोधायचं." आई एकदा बादली घेऊन जाताना तिचा टेबलाला धक्का लागला आणि सरळ चाललेली नदी एकदम वाकडी झाली. पुढच्या पिढीच्या कागदावर वडिलांनी त्या वळणावर कालवा काढला आणि समासात, नेहमीच्या बारीक अक्षरात, दोन ओळी लिहिल्या. दोन साडूंच्या भांडणात नदी वाकडी झाली. पुढे दोघे बोलू लागले, नदी तशीच राहिली. वाचणारे अजून त्याला साडूंचा कालवा म्हणतात. आई येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची, "माझ्या कमरेत केवढी ताकद आहे, देशाची नदी हलवली मी." ती गेली तेव्हा प्रकाशनाने कालव्याचं चित्र छापलं होतं. आईच्या धक्क्याला गोष्ट मिळाली. त्याच्या थेंबाला गोष्ट मिळायची होती ती पुढच्या कागदावर, आणि पुढचा कागद वडिलांच्या हातून झाला नाही.

जिन्याच्या खिडकीशी उभं राहून त्याने ती सकाळ पुन्हा आठवली. खरं म्हणजे ती आठवावी लागत नव्हती. वडील पलंगावर उशांना टेकून, मांडीवर फळी, फळीवर कागद. हात थरथरायचा, पण टाक कागदाला लागला की थांबायचा. तो कपडे करून तयार, एका हातात बाटली, एका हातात भरलेला चमचा. "थांब," वडील म्हणाले, "किनारा पुरा होऊ दे." तो थांबला. किनारा पुरा होईना. एक खाडी, मग दुसरी खाडी, मग टाक दौतीत, टाकाचं टोक दौतीच्या कडेला निपटणं, मग पुन्हा खाडी. "बाबा, घ्या." "होतंय." "बाबा, तुमचा देश कुठे पळून जात नाहीये. मला कामावर जायचंय, खरं काम असतं मला." आणि त्याने चमचा पुढे केला, जरा जोरात, दातांवर तो वाजला. थेंब फळीवरच्या कागदावर पडला, नदीच्या मुखाशी. वडिलांनी थेंबाकडे पाहिलं. पुसला नाही. त्याच्याकडे पाहिलं नाही. मग तोंड उघडलं. त्या उघडलेल्या तोंडात त्याने उरलेलं औषध ओतलं, बाटलीचं झाकण लावलं आणि जिना उतरला. जोरात बोलणं, चमचा, थेंब, या सगळ्याची घरोघरी सवय असते. पण ते तोंड उघडणं. त्यात राग असता तरी चाललं असतं. शाळेत छडी खाणारं मूल हात पुढे करतं, तसं त्यांनी तोंड पुढे केलं होतं.

मग फोन. वडील जाऊन थोडे दिवस झाले होते. तो कोणाच्या तरी बैठकीच्या खोलीत शिडीवर चढून छत बघत होता. प्रकाशनाच्या संपादकबाई म्हणाल्या, "शेवटच्या पानावर नदीच्या मुखाशी एक खूण आहे. ठिपका आणि कडं, म्हणजे राजधानीची खूण. पण नाव नाही, रस्ता नाही. तुम्ही तर जवळच असाल तेव्हा. राजधानीच ना?" तुम्ही तर जवळच असाल. त्याला खालून घराची मालकीण विचारत होती, डाग नवाच आहे ना हो? त्याने दोघींना एकदमच उत्तर दिलं, "हो." एकच शब्द. शिडीवरून उतरताना त्याला काही वाटलंही नाही. उलट आपल्याला विचारलं याचा जरा बरा वाटणारा अभिमान वाटला, आणि आज लाज वाटत होती ती मुख्यतः त्या अभिमानाची. पुढचे हो त्याहून सोपे गेले. वर्षश्राद्धाच्या सभेत एका म्हाताऱ्याने त्याचे दोन्ही हात धरून विचारलं, "तुमच्या डोळ्यांदेखत काढली ना?" "हो." वाचकांनी नाव ठेवायची स्पर्धा केली, कंकणासारख्या कड्यावरून कंकणी, तेव्हा जिंकणाऱ्या शिक्षिकेला पुष्पगुच्छ त्याच्याच हस्ते दिला. ती रडली. तिला रडताना बघून त्यालाही गहिवरून आलं, आणि त्याचा फोटो निघाला.

आज संध्याकाळी दिगरचा पुढचा कागद छापायला जाणार होता. वडिलांनंतरचा पहिला. प्रकाशनाने एका तरुण बाईला नेमलं होतं. वडिलांना तिथे थोरले म्हणत, म्हणून ती आपोआप धाकटी झाली. संपादकबाईंचा काल फोन आला होता, घरचे म्हणून एकदा नजर घाला, आम्हाला बरं वाटेल. तो म्हणाला होता, तुम्हीच बघा, मला काय कळतंय त्यातलं. एकदा छापून गेलं की धाकटीच्या कागदावर आणखी एक बसणार, त्यावर आणखी एक, आणि सगळ्यांच्या तळाशी तो चमचा. मोटार पुसणाऱ्या माणसाने नाद सोडून दिला होता. खिडकीतून मागे फिरून त्याने बायकोला फोन लावला. कंकणीबद्दल काही सांगायचंय म्हणाला आणि पुढे त्याला सुधरेना. "ते औषध सांडलं होतं तेच ना?" बायको म्हणाली. त्याने फोन दुसऱ्या कानाला लावला. "तुला माहीत होतं?" "अहो, रोज ती बाटली पुसून ठेवायची मी. कशाचा डाग आहे मला कळणार नाही?" "मग बोलली का नाहीस?" "तुमचे बाबा, तुमचा डाग. मी कोण मध्ये पडणारी?" मागे कुकरची शिट्टी झाली. मग ती म्हणाली, "मला वाटायचं तुम्ही घरात तरी बोलाल. त्या पुष्पगुच्छाच्या दिवशी वाटलं होतं. तुम्ही फोटो मोठा करून आणलात." तो फोटो बैठकीत होता. इतके दिवस ती त्याखालची धूळ पुसत होती. "मी तिकडे चाललोय," तो म्हणाला. "जा," बायको म्हणाली, "आणि पुढच्या वेळी मला विचारायला थांबू नका."

प्रकाशनाची जागा एका बंद पडलेल्या कापड दुकानाच्या वर होती. तो आयुष्यात तिथे आला नव्हता, वडील मात्र दर महिन्याला यायचे. जिन्याच्या कठड्याला एके ठिकाणी रंग उडून गुळगुळीत लाकूड दिसत होतं, आणि दम लागल्यावर हात टेकायला माणूस जिथे थांबेल तीच ती जागा होती. त्याने तिथे हात टेकला नाही. वर लांबट खोली, टोकाला काचेचं टेबल, वडिलांच्या टेबलाएवढंच. धाकटी त्यावर वाकलेली होती, केस पेन्सिलीने वर खोचलेले. संपादकबाई उठून उभ्या राहिल्या. "या या. म्हटलं होतं ना, येतील म्हणून. चहा सांगू?" धाकटीने हात पुसले आणि पुसलेले हात पुन्हा पुसले. तिला वाटत होतं, तो तिची परीक्षा घ्यायला आला आहे. तिने खालचा दिवा लावला.

दोन्ही कागद एकावर एक होते. खालून वडिलांची रेघ येत होती, वर तिची. तिची रेघ जरा जास्त काळी होती, भीतीने दाबल्यासारखी. त्याला नकाशा वाचता येत नव्हता, पण एवढं कळलं की सगळा देश एका बाजूला कलला आहे. डोंगरातून, माळावरून, दलदलीच्या कडेकडेने वाटा निघाल्या होत्या आणि सगळ्या नदीच्या मुखाकडे चालल्या होत्या. मुखाजवळ येऊन त्या थांबत होत्या. तिथे तिचा कागद कोरा होता. कोऱ्या जागेतून खालचा थेंब दिसत होता, तपकिरी, कड्यासकट, दिव्यामुळे उबदार. "राजधानी शेवटी काढायची, थोरल्यांची पद्धत होती ना," धाकटी म्हणाली. "आणि मला तुम्हाला विचारायचंही होतं. तट असेल का तिला? ते काही बोलले होते?" ती बोट न टेकता कागदावरून हात फिरवत होती. "हे बेलघाट. हे मी ओस पाडलं. तिथली सगळी माणसं कंकणीला निघाली आहेत. पाडताना फार जिवावर आलं. थोरल्यांनी पहिल्या कागदापासून टिकवलं होतं ते. पण राजधानी एवढी मोठी, तर माणसं कुठून तरी यायलाच हवीत."

"ते शहर नाही," तो म्हणाला.

त्याने सगळं सांगितलं. सांगायला फार वेळ लागला नाही, त्याला अहवाल सांगायची सवय होती. कुठलं औषध, कुठल्या वेळचं, थेंब किती उंचीवरून. आपण अहवाल देतोय हे ऐकू येऊन तो थांबला, आणि मग म्हणाला की चमचा दातांवर वाजला. आणि खरं काम असतं मला, असं आपण म्हणालो. एवढं सांगून झाल्यावर संपादकबाई खुर्चीत बसल्या. "मी फोन केला होता तुम्हाला."

"हो. मी एका छताखाली होतो."

"छताखाली आम्ही सगळेच असतो हो."

धाकटीने आपला वरचा कागद अलगद बाजूला केला, दिवा विझवला, खालचा कागद उचलून खिडकीच्या उजेडात तिरपा धरला. शाईच्या रेघा सपाट होत्या. थेंबाला किंचित चमक होती. तिने नाक जवळ नेलं, मग तिला स्वतःचंच वाईट वाटल्यासारखं ते मागे घेतलं. "मी हा कागद इतके महिने बघतेय," ती म्हणाली. "मला वाटायचं, शेवटी शेवटी त्यांनी वेगळी शाई केली असेल. म्हणजे मुद्दाम. मी त्यावर लेख लिहिला आहे." ती हसली नाही. "बेलघाट उगाच गेलं मग."

"खरवडा," तो म्हणाला. शब्द तोंडातून निघून गेला. "म्हणजे, खरवडता येतं ना हे. ब्लेडने. दोन्हीकडचं."

दोघी एकमेकींकडे बघू लागल्या. खोलीत कोणी ओरडलं असतं तर बरं असं त्याला झालं. वडिलांच्या घरात वाढलेला माणूस ते वाक्य बोलला होता, ज्याला त्या घरातला तेवढाच एक नियम माहीत होता. धाकटीने कागद खाली ठेवला, चारही कोपऱ्यांवर छोटी वजनं ठेवली. तिचा आवाज बदलला होता, आता ती परीक्षा देत नव्हती. "इथे ब्लेड नसतं," ती म्हणाली.

संपादकबाई व्यवहाराचं बोलल्या. हे बाहेर सांगायलाच हवं का. लोकांनी शहर मानलं आहे, पिशव्या आहेत, शाळांतून मुलं कंकणीवर निबंध लिहितात. शहर म्हणजे तरी काय, सगळ्यांनी मानलं की झालं. थोरले असते तर तेही त्यावर तट बांधून मोकळे झाले असते. त्याला वाटलं, हे बरोबर आहे, आणि वाटल्याबरोबर आतून सैल झाल्यासारखं झालं. आपण सांगून बसलोय, आता पुढचं यांचं यांनी बघावं. वडिलांनी कदाचित खरंच राजधानी केली असती. रागावलेले नव्हतेच ते. असं तो सैल होत असताना धाकटी म्हणाली, "बांधला असता, पण समासात लिहिलं असतं. साडूंचं लिहिलं तसं. का झालं ते लिहिल्याशिवाय त्यांनी एक विहीरसुद्धा पुढे नेली नाही." संपादकबाई म्हणाल्या, "तुम्ही दोघं मिळून माझं दुकान बंद करणार." पण त्या फोनकडे गेल्या आणि छापखान्याला सांगितलं की कागद तासाभराने येईल.

धाकटीने दिवा पुन्हा लावला. बराच वेळ ती कोऱ्या जागेकडे बघत होती. वाटा तिथवर आलेल्या, थांबलेल्या. मग म्हणाली की मी इथे काहीच काढणार नाही. माणसं निघाली आहेत, ती येतील, आणि इथे खाडी आणि चिखल असेल. तट नाही, वेस नाही. त्याने विचारलं, "मग त्यांचं काय होणार?" विचारताना त्याच्या डोळ्यासमोर खरोखर माणसं आली. गाठोडी घेतलेली, म्हाताऱ्यांना पाठीवर घेतलेली, सावली पायाखाली येईपर्यंत चाललेली, मग पुन्हा चाललेली, आणि पुढे पाणी. दिगरमध्ये त्याने माणसं बघितली ती आत्ता पहिल्यांदा. "ते मी बघीन पुढच्या पानावर," धाकटी म्हणाली. "माझं काम आहे ते. तुम्ही एवढंच सांगा, त्यांना कोणी सांगितलं? समासात लिहावं लागेल. नदीच्या मुखाशी राजधानी आहे असं त्यांना सांगितलं कोणी?"

तिने टाक उचलून दौतीत बुडवला. मग तिनेच सुचवलं, "एका वाटसरूने सांगितलं, असं लिहू?" चांगलं होतं. कोणालाही कळलं नसतं, वडिलांच्या लिहिण्यासारखंही वाटलं असतं. त्याने मान हलवायला सुरुवात केली होती. पण वाटसरू निदान चाललेला असतो. चुकीचं सांगतो तोही कुठून तरी आलेला असतो, कुठेतरी वळून बघितलेलं असतं त्याने. "वाटसरू नको," तो म्हणाला.

"मग?"

"मुलाने."

"कुणाच्या?" तिने कागदावरून नजर उचलली नाही. टाकाच्या टोकाला शाई भरली होती, थांबली असती तर पडली असती. तिला खरोखर तेवढंच हवं होतं, एक शब्द, समासात बसेल असा. संपादकबाई पाठमोऱ्या उभ्या राहून चहाचे कप उगाच सारखे करत होत्या.

"नकाशेवाल्याच्या," तो म्हणाला.

तिने लिहायला घेतलं. अक्षर वडिलांपेक्षा मोठं होतं, ओळ समासात मावेना, शेवटी शेवटी तिला बारीक व्हावं लागलं. तो टेबलाच्या दुसऱ्या बाजूला होता, त्याला ते उलटं वाचावं लागत होतं, एकेक शब्द. नदीच्या मुखाशी राजधानी आहे, असं नकाशेवाल्याच्या मुलाने सांगितलं. लोक निघाले. त्याच्या कानाच्या पाळ्या तापल्या होत्या. वाचलेलं बरोबर आहे ना, हे बघायला लहान मुलं करतात तसं त्याने ओळीखाली बोट नेलं.

"हात लावू नका," धाकटी म्हणाली. "ओलं आहे."